तोतया कोण, हे ठरवणार कोण?

'कॅच मी इफ यू कॅन' बघितला नाही असा माणूस आपल्या मित्रयादीत सापडणं कठीण. स्पीलबर्गचा २००२ चा सिनेमा. लिओनार्डो डिकॅप्रिओ कधी वैमानिक होतो, कधी डॉक्टर, कधी वकील. खोटे चेक वटवत जगभर हिंडतो, आणि आपण समोर बसून मनातल्या मनात म्हणत असतो, पकडला जाऊ नये बुवा हा! हा सिनेमा फ्रँक अ‍ॅबॅग्नेलच्या १९८० साली आलेल्या आत्मकथनावर बेतलेला आहे. गंमत पुढे आहे. नंतरच्या काळात लोकांनी जुनी सरकारी कागदपत्रं काढून तपासली. तेव्हा असं दिसलं, की ज्या वर्षांत हा गडी विमानातून फिरत होता म्हणे, त्यातला बराचसा काळ तो न्यूयॉर्क राज्यातल्या एका तुरुंगात होता. म्हणजे तोतयाच्या सिनेमातली तोतयेगिरीच बरीचशी तोतया निघाली!

असो. मला आज लिहायचंय ते या हुशार भामट्यांबद्दल नाही. सिनेमा भामट्याच्या डोक्यावर फिदा असतो, पण इतिहासातली अशी प्रकरणं वाचायला लागलं की भामटा हळूहळू बाजूला पडतो आणि वेगळाच प्रश्न समोर येतो. समोर उभा असलेला माणूस 'तोच' आहे की नाही, हे ठरवायचा अधिकार कोणाचा? बायकोचा? गावाचा? सरकारचा? की कोर्टाचा? आणि त्यांच्यात एकमत नसेल तर?

तीन खऱ्या गोष्टी सांगतो. एक फ्रान्समधली, एक आपल्या पुण्याची, एक बंगालची. पोस्ट मोठी आहे, चहा घेऊन बसा.

पहिली गोष्ट: लाकडी पायाचा माणूस

दक्षिण फ्रान्समध्ये पिरेनीज पर्वताच्या पायथ्याशी आर्तिगा नावाचं गाव. तिथला मार्तँ गेर हा खातापिता शेतकरी १५४८ साली बायको बेरत्राँदला आणि लहान मुलाला सोडून निघून गेला. ना निरोप, ना पत्ता. आठ वर्षांनी, १५५६ मध्ये एक माणूस आला आणि म्हणाला, मीच मार्तँ. गावातल्यांना त्यांच्या नावांनी हाका मारल्या, जुन्या आठवणी सांगितल्या. बहिणींनी ओळखलं, बायकोनं घरात घेतलं. तीन वर्षांहून जास्त संसार झाला, मुलंबाळं झाली.

मग बिनसलं कुठे? जमिनीवर. या 'मार्तँ'नं काकाकडे आपल्या माघारी झालेल्या उत्पन्नाचा हिशेब मागितला. तोवर काकालाही पुतण्या खराच वाटत होता. हिशेब मागितल्यावर मात्र तो तोतया झाला! (भाऊबंदकी ही काही फक्त आपल्या बांधावरची मिरास नाही.)

खटला उभा राहिला. खालच्या कोर्टात दीडशेच्या आसपास साक्षीदार तपासले. काही जण ठामपणे म्हणाले हा मार्तँच, साधारण तेवढेच ठामपणे म्हणाले हा मार्तँ नव्हे, आणि उरलेल्यांनी सांगितलं, आम्हाला नाही बुवा सांगता येत. गावच्या चांभाराची साक्ष महत्त्वाची होती. तो म्हणाला, मार्तँच्या पायाचं माप मोठं होतं, याचं लहान आहे. माणूस दाढी वाढवेल, जाड होईल, पण पाऊल आखडेल कसं?

तिथे शिक्षा झाली, अपील तुलूझच्या वरिष्ठ न्यायालयात गेलं. तिथला न्यायाधीश जाँ द कोरास हा विद्वान माणूस. त्याला आरोपी खरा वाटू लागला होता, निकाल जवळपास त्याच्या बाजूनं जाणार होता. आणि १५६० च्या उन्हाळ्यात लाकडी पाय आपटत एक माणूस कोर्टात आला. खरा मार्तँ गेर. तो स्पेनच्या बाजूनं लढाईत उतरला होता आणि तिथे पाय गमावून बसला होता.

तोतयाचं खरं नाव आर्नो द्यु तील. १६ सप्टेंबर १५६० रोजी त्याला मार्तँच्या घरासमोरच फाशी दिली. त्यावर १९८२ मध्ये जेरार द्‌पार्द्यूचा फ्रेंच सिनेमा आला. त्याची इतिहास सल्लागार होती नताली झेमन डेव्हिस. सिनेमात मावल्या नाहीत त्या शंका तिनं पुढच्या वर्षी पुस्तकात मांडल्या. तिचं म्हणणं असं, की बेरत्राँद फसली नव्हती, तिनं समजून उमजून साथ दिली. दुसऱ्या एका इतिहासकारानं यावर आक्षेप घेतला, की कागदपत्रांत असं काही दिसत नाही, हे तुमच्या मनचं आहे. वाद अजून मिटलेला नाही.

मला यातली सगळ्यात मोलाची गोष्ट वाटते ती न्यायाधीशाची. ज्या माणसाला आपण सोडून देणार होतो त्यालाच फासावर चढवायची पाळी आली, हे सगळं कोरासनं पुस्तक लिहून जगासमोर ठेवलं. मोंतेन्यसारख्या विचारवंतानं त्यावर लिहिलं, की इतक्या धूसर प्रकरणात एखाद्याचा जीव घ्यायचा म्हणजे फारच धाडस झालं. साडेचारशे वर्षांपूर्वीचा हा संशय आजही ताजा वाटतो.

दुसरी गोष्ट: आपला तोतया

आता घरी येऊ. 'तोतया' म्हटलं की मराठी माणसाच्या डोळ्यांसमोर एकच नाव येतं, भाऊसाहेबांचा तोतया.

१४ जानेवारी १७६१, पानिपत. सदाशिवरावभाऊ रणात पडले. प्रेत सापडलं, अंत्यसंस्कार झाले अशा बातम्या आल्या, पण त्या पुण्यात सगळ्यांच्या गळी उतरल्या नाहीत. भाऊंची पत्नी पार्वतीबाई शेवटपर्यंत सौभाग्यवतीच्या वेषात राहिली. १७८३ मध्ये ती गेली, म्हणजे बावीस वर्षं. घराघरातली माणसं परतली नव्हती. आपला परत येईल ही आशा त्या काळात एकट्या पार्वतीबाईची नव्हती, अख्ख्या मुलखाची होती. तोतयाला लागणारी जमीन अशी तयार होते. त्याची अक्कल नंतर येते.

उत्तरेतला एक कनोजी ब्राह्मण 'मीच भाऊ' म्हणून पुढे आला. थोरल्या माधवरावांच्या काळातच त्याची चौकशी झाली, तोतया ठरला, किल्ल्यांवर कैदेत पडला. विषय संपायला हवा होता. पण दिवस फिरले. माधवराव गेले, १७७३ मध्ये शनिवारवाड्यात नारायणरावांचा खून झाला, गादीवर तान्हं मूल, कारभार बारभाईंकडे, राघोबादादा इंग्रजांच्या आश्रयाला. अशा वेळी १७७६ मध्ये रत्नागिरीचा सुभेदार रामचंद्र नाईक परांजपे यानं या कैद्याला बाहेर काढलं आणि भाऊसाहेब म्हणून उभं केलं.

आणि बघता बघता हजारोंची फौज जमली. कोकणातले किल्ले हाती आले. स्वारी बोरघाटापर्यंत चढली. शेवटी महादजी शिंदे आणि भिवराव पानसे यांनी मोड केला, तोतया समुद्राकडे पळाला आणि कुलाब्याला राघोजी आंग्र्यांच्या हाती लागला. पुण्यात आणून पुन्हा चौकशी झाली आणि १७७६ च्या डिसेंबरात त्याला देहदंड झाला. न. चिं. केळकरांचं 'तोतयाचे बंड' हे नाटक याच प्रकरणावरचं.

आता विचार करा. जे हजारो लोक त्याच्यामागे गेले, ते सगळे काय खुळे होते? काहींना खरंच वाटलं असेल. पण बऱ्याच जणांना तो भाऊ आहे की नाही याच्याशी देणंघेणंच नसणार. कारभाऱ्यांवर राग होता, आणि तो काढायला एक नाव हवं होतं. नाव मिळालं. उलट बाजूनं बघा. नाना फडणवीसांना हा माणूस तोतया ठरणं राज्य टिकवायला गरजेचंच होतं. तो तोतया होता यात मला शंका नाही. पण ज्यांच्या चौकशीवर तो मरणार होता, त्यांचंच राज्य त्याच्या मरणावर अवलंबून होतं. हा पेच लक्षात ठेवा, पुढच्या गोष्टीत तो उलटा होऊन येतो.

तिसरी गोष्ट: भावालचा संन्यासी

ढाक्याजवळ जयदेवपूर इथे भावाल नावाची मोठी जमीनदारी होती. आज तो भाग बांगलादेशात गाझीपूर म्हणून ओळखला जातो. तीन भाऊ. मधला कुमार रमेंद्रनारायण राय. शिकार, चैन, बाहेरख्याली आणि त्यातून जडलेला सिफिलिस. १९०९ मध्ये हवापालटासाठी दार्जिलिंगला नेलं. बरोबर बायको विभावती, तिचा भाऊ सत्येंद्रनाथ आणि घरचा डॉक्टर. ८ मे रोजी कुमार वारल्याचं सांगण्यात आलं. वय पंचवीसच्या आत-बाहेर. पुढच्या चार-पाच वर्षांत उरलेले दोघे भाऊही गेले, जमीनदारी सरकारच्या कोर्ट ऑफ वॉर्ड्सकडे गेली आणि विभावती भावासोबत कलकत्त्याला राहायला गेली.

बारा वर्षं होत आली. ढाक्यात बुरीगंगेच्या काठी बकलँड बांधावर अंगाला राख फासलेला, जटाधारी संन्यासी येऊन बसला. लोक येता-जाता थबकू लागले. चेहरा ओळखीचा. त्याला जयदेवपूरला नेलं. बहीण ज्योतिर्मयीनं अंगावरच्या खुणा बघितल्या आणि ४ मे १९२१ रोजी गर्दीसमोर त्यानं सांगितलं, मी रमेंद्रनारायण. म्हातारी आजीही म्हणाली, नातू माझाच. रयत लोटली, नजराणे द्यायला लागली.

बायको म्हणाली, हा माझा नवरा नव्हे. आणि महिन्याभरात, ३ जून १९२१ ला ढाक्याचा कलेक्टर लिंडसे यानं जाहीर केलं, की कुमार १२ वर्षांपूर्वी मेला, हा संन्यासी तोतया आहे, याला कुणी सारा देऊ नये.

एका नोटिशीत माणूस निकालात! साक्ष नाही, उलटतपासणी नाही. आणि नोटीस काढणारं सरकारच त्या इस्टेटीचा कारभार बघत होतं. पुण्यातला पेच तो हाच.

संन्याशानं १९३० साली दावा लावला. ढाक्याच्या कोर्टात न्यायाधीश पन्नालाल बसू यांच्यापुढे १९३३ च्या अखेरीस सुनावणी सुरू झाली. दोन्ही बाजूंचे मिळून दीड हजारांहून जास्त साक्षीदार तपासले गेले. प्रतिवादी म्हणाले, हा पंजाबातला मालसिंग नावाचा माणूस. बंगाली धड बोलता येत नाही, जमीनदारी घरातल्या गोष्टी विचारल्या तर अडखळतो. वादी म्हणाला, त्या रात्री स्मशानात वादळ-पाऊस आला, लोक प्रेत टाकून आडोशाला पळाले, मला नागा साधूंनी उचललं. स्मृती गेली, बारा वर्षं त्यांच्याबरोबर हिंडलो. ऐकायला सिनेमाच वाटतो ना?

पण बसूंनी गोष्ट कितपत पटते यावर निकाल दिला नाही. त्यांनी तपासलं ते अंग. घोट्यावरचा वेडावाकडा व्रण. तुटलेली दाढ. दंडावर वाघाच्या पंज्याची खूण. खवल्यांसारखी पावलांची कातडी. कानाच्या पाळ्या. जोडा ६ नंबरचा. (आर्तिगाच्या चांभाराला इथे बोलावलं असतं तर तो खूश झाला असता.) एकेक खूण शंभरातल्या चार जणांना असेल, पण या सगळ्या एकाच अंगावर दोन माणसांना असतील का, हा त्यांचा मुद्दा. मग मृत्यू संध्याकाळी झाला की मध्यरात्री, पाऊस कधी पडला, दहन त्या रात्री की दुसऱ्या सकाळी, याचा तासातासाचा हिशेब. २४ ऑगस्ट १९३६ ला निकाल आला. हा माणूस रमेंद्रनारायण रायच आहे. टंकलिखित पाचशेच्या वर पानं!

विभावती हायकोर्टात गेली. तिथे तीन न्यायाधीश. त्यातले कॉस्टेलो इंग्लंडला गेले आणि महायुद्धामुळे तिथेच अडकले, त्यांनी आपलं मत टपालानं पाठवलं. १९४० मध्ये दोन विरुद्ध एक अशा बहुमतानं संन्यासीच जिंकला. मग लंडनला प्रिव्ही कौन्सिल. ३० जुलै १९४६ ला तिथेही अपील फेटाळलं. खालच्या दोन कोर्टांचा वस्तुस्थितीवर एकच निष्कर्ष असेल, तर वरच्या कोर्टानं सहसा त्यात हात घालू नये, हे तत्त्व तिथे नीट मांडलं गेलं. वकील मित्रांना माहीत असेल, हा निकाल आपल्याकडे आजही दाखल्यासाठी काढला जातो.

पंचवीस वर्षं भांडून नाव परत मिळालं. आणि निकालानंतर काही दिवसांतच तो माणूस वारला. विभावतीनं त्याला नवरा म्हणून कधीच मानलं नाही.

बंगालीत यावर १९७५ मध्ये उत्तमकुमारचा 'संन्यासी राजा' आला, २०१८ मध्ये सृजित मुखर्जींचा 'एक जे छिलो राजा'. इतिहासकार पार्थ चटर्जींनी यावर जाडजूड पुस्तक लिहिलं, आणि त्याच्या नावातच प्रश्नचिन्ह ठेवलं. तीन कोर्टांनी उत्तर दिल्यावरही!

मग न्याय कुठे झाला?

तिन्ही गोष्टींत एक बाई आहे, लक्षात आलं का? बेरत्राँद, पार्वतीबाई, विभावती. 'हो' म्हणाली तर परपुरुषासोबत राहिल्याचा ठपका, 'नाही' म्हणाली तर इस्टेटीसाठी नवरा नाकारल्याचा. आणि नवऱ्याची वाट बघत बसली, तर तिच्या त्या आशेवर दुसराच कोणी फौज उभी करतो. तोतयाच्या सिनेमात नायक एकच असतो, पण शिक्षा दोघांना होते. विभावतीला आपण खलनायिका ठरवून मोकळे होतो. ती खरं बोलत असेल तर? विशी-बाविशीत विधवा झालेल्या बाईला कलेक्टरपासून कोर्टापर्यंत पंचवीस वर्षं एकच प्रश्न विचारला गेला, आणि तिचं उत्तर एकदाही बदललं नाही.

म्हणूनच मला वाटतं, न्याय म्हणजे 'खरं शोधून काढलं' एवढंच नव्हे. तुलूझला खरं कळलं ते योगायोगानं. लाकडी पायाचा माणूस एक महिना उशिरा आला असता तर? ढाक्यात खरं कळलं की नाही याची खात्री आज आपण दोघंही देऊ शकत नाही. पण तिथे एक गोष्ट घडली. ज्याला सरकारनं एका नोटिशीत पुसून टाकलं होतं, त्याला दुसऱ्या कुणापुढे तरी उभं राहता आलं. आपली कातडी, दात, आठवणी पुराव्यात मांडता आल्या. समोरच्या बाजूलाही तितकीच संधी मिळाली. आणि निकाल 'मला वाटतं' म्हणून आला नाही, कारणं लिहून आला. ती कारणं चुकीची असतील तर वर जायची वाट होती.

'आता ही भानगड कशाला, आता अंगठा लावला की झालं!' असं कुणी म्हणेल. तर ऐका. बोटांच्या ठशांचा सरकारी कामातला वापर सुरू झाला तोच बंगालमध्ये. हुगळीचा अधिकारी विल्यम हर्शेल यानं १८७७ च्या सुमारास पेन्शनरांचे ठसे घ्यायला सुरुवात केली, कारण मेलेल्या पेन्शनराच्या नावानं दुसरेच पैसे उचलत. तोतया पकडायचं यंत्र ते. आज दर नोव्हेंबरमध्ये हयातीचा दाखला द्यायला आपल्याकडचे म्हातारे बँकेत रांगा लावतात, तेव्हा त्याच हर्शेलच्या रांगेत ते उभे असतात. आणि आयुष्यभर मातीत, सिमेंटमध्ये हात घालून ज्याच्या बोटांच्या रेषाच झिजल्यात, त्याला मशीन सांगतं, ठसा जुळत नाही. म्हणजे काय? तू तू नाहीस.

याच्यावर सिनेमा हवा असेल तर 'कागज' बघा. २०२१ चा, सतीश कौशिकांचा, पंकज त्रिपाठी आहे त्यात. आझमगडच्या लालबिहारी यांच्यावरून घेतलेला. कर्जासाठी कागद काढायला गेले आणि कळलं, आपण सरकारदरबारी मेलोय. जमीन नातेवाइकांच्या नावावर. १९७५ ते १९९४, एकोणीस वर्षं हा माणूस जिवंत असल्याचं सिद्ध करत होता. नावापुढे 'मृतक' लावलं, बायकोसाठी विधवा पेन्शन मागितली, १९८९ ला अमेठीत थेट राजीव गांधींविरुद्ध उभे राहिले. हेतू एकच, कुठल्या तरी सरकारी कागदावर आपण जिवंत आहोत अशी नोंद व्हावी. आणि लढताना कळलं, आपल्यासारखे आणखी कितीतरी आहेत. त्यातून मृतक संघ उभा राहिला.

इथे तोतया कोण? कोणी दाढी लावली नाही, वेष बदलला नाही. तोतया होता तो कागद. आणि त्याला ना घोट्यावर व्रण, ना पायाचं माप. त्यामुळे त्याची उलटतपासणी घ्यायची कशी, हे कुणालाच कळत नव्हतं.

हुशार भामट्याचे सिनेमे बघा, मजा घ्या, मीही बघतो. पण आपल्या तालुक्यात, आपल्या गल्लीत कुणाचं नाव वारसनोंदीतून गळलंय, कुणाचं रेशन ठशापायी अडलंय, कुणाला काउंटरवरचा माणूस 'सिस्टीममध्ये दिसत नाही' म्हणून परत पाठवतोय, तर एवढं विचारा: ही नोंद कोणी केली, कशाच्या आधारावर केली, आणि याच्याविरुद्ध दाद मागायची कुठे? भावालच्या संन्याशाला हे तीन प्रश्न विचारायला नऊ वर्षं वाट बघावी लागली. त्याच्याकडे बहीण होती, रयत होती, वकील होते. रेशनच्या रांगेतल्या म्हातारीकडे यातलं काय आहे?

तुमच्या माहितीत असं 'जिवंतपणी मेलेलं' कोणी असेल तर खाली लिहा. नावं, पत्ते नकोत, पण काय केल्यावर काम झालं ते जरूर सांगा. दुसऱ्याला उपयोगी पडेल.